चारचौघांतला पाणउतारा

पाणउतारा हा शब्द आपण सगळेच वापरतो. साहेबाने कारकुनाचा पाणउतारा केला, भर लग्नात व्याह्याचा पाणउतारा झाला, असे सहज बोलून जातो. त्यातले पाणी नळाचे नव्हे. मोत्याला पाणी असते, तसे माणसाच्या चेहऱ्याला पाणी असते. ते उतरवणे म्हणजे पाणउतारा. फारसीतून येऊन पुरता मराठी झालेला 'अब्रू' हा शब्दही हेच सांगतो. आब म्हणजे पाणी आणि रू म्हणजे चेहरा. दोन वेगळ्या भाषा, पण माणसाचे मोल दोघींनी एकाच ठिकाणी पाहिले. माझ्या घरात दखनी बोलली जाते आणि मी कविता मराठीत लिहितो, त्यामुळे अशा शब्दांपाशी थांबण्याची सवय आहे. आज थांबण्याचे कारण मात्र कवितेचे नाही.

'सायबर बुलिंग' हा शब्द वर्तमानपत्रांत वरचेवर येतो आणि हे नेमके काय असते, असे पालक विचारतात. माझ्या मते त्याला पाणउतारा हाच शब्द योग्य आहे. हा पाणउतारा मोबाइलवर केला जातो, पुन्हा पुन्हा केला जातो, आणि त्यात सापडतात ती बहुधा शाळा-कॉलेजच्या वयाची मुले.

त्याची रूपे अनेक आहेत. वर्गाच्या ग्रुपमधून एकीलाच वगळायचे आणि तिच्याविषयी बोलायला वेगळा ग्रुप काढायचा. एखाद्याचा बेसावध फोटो काढून, त्यावर काहीबाही लिहून तो फिरवायचा. दुसऱ्याच्या नावाने खोटे खाते उघडून भलतेसलते लिहायचे. कॉलेजच्या नावाने चालणाऱ्या 'कन्फेशन' पानांवर निनावी राहून एखाद्या मुलीचे चारित्र्य काढायचे. विश्वासाने दिलेला फोटो भांडण झाल्यावर मित्रांत वाटायचा. आणि अलीकडे तर कृत्रिम बुद्धिमत्तेच्या ॲपने पूर्ण कपड्यांतल्या साध्या फोटोवरून नग्न फोटो बनवायचा. 'पण तू फोटो पाठवलासच कशाला?' असे विचारणाऱ्या वडीलधाऱ्यांच्या हातून आता तो प्रश्नही गेला आहे. मुलीने काहीच पाठवलेले नसते.

मग प्रत्येक चेष्टा म्हणजे छळ का? तसे नाही. नॉर्वेतले मानसशास्त्रज्ञ डॅन ओल्वेयस यांनी शाळांमधल्या छळाचा अभ्यास १९७० च्या दशकापासून केला. छळ ओळखण्याच्या तीन खुणा त्यांनी सांगितल्या. हेतू दुखावण्याचा असतो, ते पुन्हा पुन्हा केले जाते, आणि ज्याच्यावर ते होते तो कमजोर बाजूला असतो, त्याला उलटून काही करता येत नाही. माझे नाव ऐकून 'मराठी फार छान बोलता हो तुम्ही' म्हणणारे लोक मला आयुष्यभर भेटले. ते जरा टोचते, पण तो छळ नव्हे. या तीन खुणा लावून पाहिल्या की फरक लगेच कळतो. मोबाइलने मात्र या तिन्ही गोष्टी फार सोप्या करून ठेवल्या आहेत. एकदाच टाकलेला फोटो शंभर जण शंभर वेळा पाहतात, त्यामुळे पुन्हा पुन्हा करण्याचे कष्टही उरत नाहीत. आणि समोरचा निनावी असला की तो कितीही दुबळा असो, बलवान ठरतो.

चिडवणे जुनेच आहे. मी बी.ए. करत होतो त्या काळीही पुण्याच्या कॉलेजांत टोपणनावे पडत, स्वच्छतागृहाच्या भिंतीवर कोळशाने नावांच्या जोड्या लावल्या जात, एखाद्या मुलीच्या घरी निनावी पत्र जाई. गावाकडून आलेला मुलगा 'पाणी'ला 'पानी' म्हणाला की पेठेत वाढलेली मुले फिदीफिदी हसत. पण भिंतीला चुना फासता येत असे, पत्र फाडता येत असे. शाळा सुटली की छळणारा आपल्या घरी आणि मूल आपल्या घरी. रविवारची सुट्टी मिळे. आता छळणारा दप्तरातून घरी येतो आणि रात्री उशाशी झोपतो.

आपल्याकडे 'चारचौघांत' असा एक शब्द आहे. चारचौघांत बोलू नये, चारचौघांत हसे होऊ नये. पूर्वी हे चारचौघे खरोखरच मोजता येत: गल्लीतले, नात्यातले, वर्गातले. त्यांना विसरही पडत असे. आता मुलाच्या डोळ्यांसमोरचे चारचौघे किती आहेत, हे त्याला स्वतःलाही सांगता येत नाही. उत्तर प्रदेशात २०२४ साली दहावीच्या परीक्षेत राज्यात पहिली आलेल्या एका मुलीचा फोटो छापून आला आणि तिच्या चेहऱ्यावरच्या लवेवरून देशभरातल्या अनोळखी माणसांनी तिची टर उडवली. दोन गुण कमी पडून आपण पहिल्या आलो नसतो तर बरे झाले असते, अशा अर्थाचे ती मुलगी नंतर बोलली. वर्षभराचा अभ्यास, राज्यात पहिला क्रमांक, आणि शेवटी मनात उरते ते हे.

आता पुण्याकडे येतो. २०२२ च्या सप्टेंबरअखेरीस, अवघ्या दोन-तीन दिवसांच्या अंतराने, शहरातल्या विशीच्या आसपासच्या दोन तरुणांनी आत्महत्या केल्याच्या बातम्या आल्या. दोघांनाही मोबाइलवरून धमकावले जात होते, असे तपासात पुढे आले. एका प्रकरणाचा माग काढत पुण्याचे पोलीस राजस्थानात अलवर जिल्ह्यातल्या एका गावापर्यंत पोहोचले आणि तिथून एकाला पकडून आणले. माणूस जीव देतो त्यामागे एकच एक कारण असते, असे कुणी समजू नये. मनात काय काय साचलेले असते ते बाहेरून दिसत नाही. पण अशा टोळ्यांची रीत आता सर्वांना माहीत झाली आहे. अनोळखी मुलीच्या नावाने मैत्रीची विनंती येते, गोड बोलणे होते, मग व्हिडिओ कॉल येतो. तो क्षणभरच चालतो, पण पलीकडे त्याचे चित्रण होते. नसलेले दृश्यही जोडून दाखवता येते. मग निरोप येतो की पैसे पाठव, नाहीतर हे तुझ्या आई-वडिलांना, नातेवाइकांना आणि मित्रांना पाठवतो. सोबत त्या सगळ्यांच्या नावांची यादी असते. एकदा पैसे दिले की मागणी थांबत नाही, वाढते.

या टोळीजवळ काय असते, याचा जरा विचार करा. शस्त्र नसते. पुण्यातल्या मुलाला मारायला शेकडो मैलांवरून कुणी येणार नसते. त्यांच्याजवळ भांडवल एकच असते, ते म्हणजे त्या मुलाला वाटणारी घरच्यांची भीती. 'बाबांना कळले तर?' या एका प्रश्नावर त्यांचा सगळा धंदा चालतो. आणि कटू असले तरी बोलले पाहिजे, हे भांडवल त्यांना आपणच पुरवतो. ज्या मुलाला घरी खात्रीने ऐकून घेतले जाते, त्याच्यापाशी हा धंदा बसतो. 'पाठव, माझ्या आईला मी आधीच सांगितले आहे,' असे म्हणणाऱ्या मुलाकडून कुणाला काय मिळणार?

मुले का सांगत नाहीत? पहिले कारण अगदी साधे आहे. सांगितले की फोन जातो. आपल्याला वाटते, फोन काढून घेतला म्हणजे मूल सुरक्षित झाले. मुलाला मात्र असे दिसते की छळ माझा झाला आणि शिक्षाही मलाच झाली. मित्र, अभ्यासाचे ग्रुप, क्लासच्या सूचना, सगळे त्याच फोनवर असते. दुसरे कारण, 'तूच काहीतरी केले असशील' हे वाक्य. ते ऐकावे लागेल म्हणून मूल गप्प बसते. तिसरे कारण मुलींचे. सांगितले तर कॉलेज सुटेल, क्लास बंद होईल, स्थळे पाहायला सुरुवात होईल, हे तिला पक्के ठाऊक असते. याबाबतीत माझा मोहल्ला आणि तुमचा वाडा यांत मला फारसा फरक दिसलेला नाही.

छळणारी मुले कोण असतात? आपल्या डोळ्यांसमोर एखादा गुंड येतो. वस्तुस्थिती वेगळी आहे. जॉन सूलर या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने २००४ साली मांडले की पडद्याआड गेल्यावर माणसाचा संकोच सुटतो. समोरच्याचे डोळे दिसत नाहीत, आवाज कापरा झालेला ऐकू येत नाही, आपले नावही पुढे येत नाही. तोंडावर जे बोलण्याची हिंमत नसते ते बोटांनी सहज लिहिले जाते. त्यावर हसणारे आणि अंगठे दाखवणारे लगेच मिळतात. कौतुकाची भूक असलेल्या वयात ही दाद फार मोठी वाटते. काहींना नकार पचवता येत नाही. काही मुले कालपर्यंत स्वतः छळ सोसत असतात आणि आज दुसऱ्यावर उलटतात. जात, धर्म, रंग, जाडी, इंग्रजी न येणे, यांतले काहीही निमित्ताला पुरते.

१ जानेवारी २०२२ रोजी 'बुल्ली बाई' नावाचे एक ॲप उघडकीस आले. शंभराच्या आसपास मुस्लिम स्त्रियांची छायाचित्रे त्यात लिलावाला लावल्यासारखी मांडली होती. पत्रकार, कार्यकर्त्या, विद्यार्थिनी, वयस्कर बायकाही. लिलाव खरा नव्हताच. चारचौघांत पाणी उतरवणे एवढाच हेतू होता. त्या दिवसांत माझ्यासारख्या पुष्कळ घरांतल्या मुलींनी आपापले फोटो काढून टाकले. पण मला अधिक हादरवले ते नंतरच्या बातमीने. मुंबई पोलिसांनी ज्यांना अटक केली त्यांत अभियांत्रिकी शिकणारा एकवीस वर्षांचा मुलगा आणि अठरा वर्षांची एक मुलगी होती. आरोपांचा निवाडा न्यायालय करील. पण माझ्या मनात आले, ही तर कुणाच्याही घरातली मुले. इतका द्वेष, आणि त्यात इतकी मजा, ही कुठे शिकली असतील?

याचे उत्तर शोधायला लांब जायला नको. आपल्या कुटुंबाचा ग्रुप उघडून पाहावा. कुणाच्या दिसण्यावर, कुणाच्या बायकोवर, कुणाच्या जाती-धर्मावर केलेले विनोद काका पुढे पाठवतात, मामा हसतात, आणि त्याच ग्रुपमध्ये चौदा वर्षांचा भाचा असतो. मूल घरात जे पाहते तेच वर्गात करते.

परिणाम काय होतात ते शिक्षक आणि डॉक्टर रोज पाहतात. झोप उडते. फोन वाजला की मूल दचकते, किंवा फोन पाहताच तोंड फिरवते. शाळेच्या दिवशी सकाळी पोट दुखते आणि सुट्टीत दुखत नाही. गुण एकाएकी घसरतात. हसरे मूल चिडके होते, जेवण टाळते, मित्र सुटतात. काही मुलांच्या मनात जीव देण्याचे विचार येतात. यांतली दोन-तीन लक्षणे एकत्र दिसली तर उपदेश बाजूला ठेवून जवळ बसावे. छळणाऱ्या मुलाचेही नुकसान होतेच. दुसऱ्याला रडवून मोठे होता येते, हे खोटे गणित तो शिकतो, आणि पुढे संसारात व नोकरीत तेच वापरतो.

या सगळ्यात एक तिसरा माणूस असतो, तो म्हणजे बघ्या. फिनलंडमधल्या तुर्कू विद्यापीठातल्या क्रिस्टिना साल्मिवल्ली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी शाळांसाठी 'किवा' नावाचा कार्यक्रम तयार केला. २००९ पासून तो तिथल्या शाळांत पसरला आणि छळ कमी झाल्याचे पाहणीत दिसले. त्याचा सगळा भर बघ्यांवर आहे. छळणाऱ्याला प्रेक्षक हवा असतो. प्रेक्षक हसला नाही, उठून पीडित मुलाच्या शेजारी जाऊन बसला, तर खेळ मोडतो. मोबाइलवर हे आणखी खरे आहे. फोटो टाकणारा एक असतो, तो पसरवणारे दोनशे असतात. त्यांतला प्रत्येक जण 'मी काय केले, नुसता पुढे पाठवला' म्हणतो. आपल्या मुलांना हे शिकवता येईल: पुढे पाठवायचे नाही, हसायचे नाही, आणि ज्याच्यावर आले त्याला एकट्याला निरोप पाठवायचा, 'मी तुझ्या बाजूने आहे.' या चार शब्दांनी किती आधार वाटतो, हे ज्याला तो निरोप येतो त्यालाच ठाऊक.

कायदा काय म्हणतो? सायबर छळ असा वेगळा कायदा आपल्याकडे नाही, पण कलमे पुष्कळ आहेत. माहिती तंत्रज्ञान कायदा २००० सालचा. दुसऱ्याची ओळख चोरणे, खासगी छायाचित्र परवानगीवाचून काढणे किंवा पसरवणे, अश्लील मजकूर पाठवणे, हे त्याखाली गुन्हे आहेत. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत पाठलाग, धमकी आणि खंडणी यांची कलमे आहेत, आणि पाठलागात स्त्रीच्या इंटरनेट वापरावर पाळत ठेवणेही येते. अठरा वर्षांखालील मुलांची अश्लील चित्रे असतील तर पॉक्सो कायदा लागतो, आणि अशी चित्रे फोनमध्ये साठवणाऱ्यालाही ते महागात पडते. महाराष्ट्राने रॅगिंगविरोधी कायदा १९९९ सालीच केला, आणि व्हॉट्सॲप ग्रुप काढून नव्या विद्यार्थ्यांना छळणे हेही रॅगिंगच, असे विद्यापीठ अनुदान आयोगाने २०२५ मध्ये बजावले आहे. पुण्यासारख्या विद्यार्थ्यांच्या शहरात हे प्रत्येक वसतिगृहाच्या फलकावर लागले पाहिजे.

प्रत्यक्ष वेळ आली तर काय करावे? उत्तर देऊ नये, कारण छळणाऱ्याला तेच हवे असते. पैसे देऊ नयेत. घाबरून सगळे पुसून टाकू नये, तोच पुरावा असतो. आधी स्क्रीनशॉट घ्यावेत, त्यात तारीख, खात्याचे नाव आणि त्या पानाचा पत्ता दिसावा. मग ते खाते ब्लॉक करावे आणि ज्या माध्यमावर ते आहे तिथे तक्रार नोंदवावी. नग्न किंवा बनावट चित्राची तक्रार आली तर ठरावीक मुदतीच्या आत ते काढले पाहिजे, असे बंधन केंद्र सरकारच्या २०२१ च्या नियमांनी कंपन्यांवर घातले. चित्र पसरण्याची भीती असेल तर 'स्टॉप एनसीआयआय' ही सोय आहे, आणि अठरा वर्षांखालील मुलांसाठी 'टेक इट डाउन' आहे. यांत मूळ चित्र कुणाकडे पाठवावे लागत नाही. फोनवरच त्याचा एक आकडी ठसा तयार होतो, आणि त्या ठशावरून सहभागी कंपन्या ते चित्र ओळखून अडवतात.

पैसे गेले असतील तर १९३० या क्रमांकावर ताबडतोब फोन करावा. इतर तक्रारी केंद्र सरकारच्या सायबर गुन्हे संकेतस्थळावर करता येतात. शिवाजीनगरला सायबर पोलीस ठाणे आहे, आणि जवळच्या कुठल्याही पोलीस ठाण्यात गेलात तरी 'हे आमच्या हद्दीत नाही' म्हणून परत पाठवता येत नाही. मुलांसाठी १०९८ ही मदतवाहिनी आहे. मन फारच खचले असेल तर १४४१६ या 'टेलिमानस' क्रमांकावर मराठीतही बोलता येते. हे तीन क्रमांक फ्रिजच्या दारावर लिहून ठेवण्याजोगे आहेत.

मग मोबाइलच बंद करावा का? ऑस्ट्रेलियाने डिसेंबर २०२५ पासून सोळा वर्षांखालील मुलांना समाजमाध्यमांवर खाते ठेवायला मनाई केली आहे. त्याचा अनुभव जगाला यथावकाश कळेल. लहान वयात हातात फोन न देणे, रात्री सगळ्यांचे फोन, आई-बाबांचेही, बाहेरच्या खोलीत ठेवणे, हे शहाणपणाचेच आहे. पण सोळावे वर्ष लागले म्हणून कुणाला बोलायला येत नाही. घरात बोलायची वाट आधीपासून मोकळी असावी लागते.

ती वाट संकट आल्यावर बांधता येत नाही, आधी बांधावी लागते. आज रात्री जेवताना मुलांना एवढेच सांगा: 'तुझा फोटो कुणी पसरवला, तुला कुणी धमकावले, तुझ्या हातून काही चुकले, तरी आधी मला सांग. मी ओरडणार नाही, तुझा फोन काढून घेणार नाही. आपण मिळून बघू.' आणि मूल खरोखर सांगायला आले, तर त्या दिवशी आपला शब्द पाळा. पहिली पाच मिनिटे फक्त ऐका. रागवायला, विचारायला, शिकवायला पुढे सगळे आयुष्य आहे.

मुलाच्या चेहऱ्यावरचे पाणी उतरवणारे बाहेर खूप आहेत. घरात पाऊल टाकल्यावर तरी त्याला मान वर करून बघता आले पाहिजे.